व्याह्याने धाडलेले घोडे

‘ट्रॉय: फॉल ऑफ अ सिटी’ ही आठ भागांची मालिका बीबीसी आणि नेटफ्लिक्स यांनी मिळून काढली. १७ फेब्रुवारी २०१८ च्या शनिवारी रात्री बीबीसी वनवर तिचा पहिला भाग दाखवला गेला आणि ७ एप्रिलच्या शनिवारी ट्रॉय पडले. दहा वर्षांचा वेढा आठ आठवड्यांत उरकला. मालिकेचे कर्ते डेव्हिड फार; त्याआधी ‘द नाइट मॅनेजर’ या हेरकथेचे रूपांतर त्यांनी केले होते. चित्रीकरण दक्षिण आफ्रिकेत, केपटाउनच्या परिसरात झाले. म्हणजे कथा ग्रीकांची, नगर आजच्या तुर्कस्तानातले, पैसा लंडन आणि अमेरिकेचा, ऊन आफ्रिकेचे आणि भाषा इंग्रजी. होमरच्या ग्रीक सैन्यातही एकोणतीस ठिकाणच्या तुकड्या होत्या, तेव्हा यात परंपरेला सोडून काही घडले असे म्हणता येत नाही.

कथेचे मूळ एका लग्नात आहे आणि लग्नातल्या बहुतेक भांडणांप्रमाणे ते मानपानात आहे. पीलियस हा मर्त्य राजा आणि थेटिस ही सागरकन्या यांच्या लग्नाला झाडून सगळे देव आले. कलहाची देवी एरिस हिला तेवढे आमंत्रण गेले नाही. कलहाच्या देवीला लग्नाला बोलवायचे नाही, हा विचार वरवर शहाणपणाचा वाटतो. पण ज्या घरात एक तरी कार्य पार पडले आहे, त्या घरातले कोणीही सांगेल की अशा पाहुणीला बोलावून, चांगली साडी देऊन, पंख्याखाली बसवणे स्वस्त पडते. एरिस न बोलावता आली आणि सर्वांत सुंदर स्त्रीसाठी म्हणून सोन्याचे एक सफरचंद टाकून गेली. हेरा, अथीना आणि अ‍ॅफ्रोडायटी या तिघींनी एकदम हात पुढे केला. झ्यूसच्या दृष्टीने यातली एक बायको होती आणि दोघी मुली. त्याने निवाडा करायचे साफ नाकारले आणि इडा पर्वतावर गुरे राखणाऱ्या ट्रॉयच्या राजपुत्राकडे, पॅरिसकडे, प्रकरण वर्ग केले. झ्यूसच्या एकूण कारकिर्दीतला हा सर्वांत समंजस निर्णय म्हणावा लागेल. तिघींनीही परीक्षकाला लाच देऊ केली: हेराने राज्य, अथीनाने युद्धात यश, अ‍ॅफ्रोडायटीने जगातली सर्वांत सुंदर स्त्री. पॅरिसने तिसरी लाच घेतली. ती स्त्री आधीच विवाहित आहे, हा तपशील अ‍ॅफ्रोडायटीला सांगण्याजोगा वाटला नाही.

होमर हे सगळे जवळजवळ सांगतच नाही. ‘इलियड’च्या चोवीस सर्गांपैकी अगदी शेवटच्या सर्गात या निवाड्याचा ओझरता उल्लेख येतो, सफरचंदाचा तर येतच नाही. त्याच्या श्रोत्यांना ही भानगड पाठ होती. दूरचित्रवाणीच्या प्रेक्षकाविषयी असे काही गृहीत धरता येत नाही, त्यामुळे मालिकेला पहिल्याच भागात तीन देवी रानात उभ्या कराव्या लागतात. देव दाखवायचे कसे, हा तिथे पहिला पेच. वोल्फगांग पीटरसन यांच्या २००४ च्या ‘ट्रॉय’ चित्रपटाने देवच काढून टाकले. २०१८ च्या मालिकेने ते ठेवले, हे तिचे धाडस. हकीम के-काझिम यांचा झ्यूस आणि बाकीची मंडळी माणसांसारखीच माणसांतून हिंडतात, रणांगणावर उभी राहतात, गंभीरपणे पाहतात आणि फारच थोडे बोलतात.

हा गंभीरपणा मात्र होमरचा नाही. त्याच्या पाचव्या सर्गात डायोमिडीस हा माणूस अ‍ॅफ्रोडायटीच्या हाताला भाला लावतो आणि ती रडत आईच्या मांडीवर जाऊन पडते. त्याच सर्गात युद्धाचा देव एरीझ याच्या पोटात भाला जातो, तो नऊ-दहा हजार माणसे एकदम ओरडावीत तसा ओरडतो आणि बापाकडे तक्रार न्यायला वर पळतो. बाप त्याला झापतो. एकविसाव्या सर्गात हेरा आर्टेमिसचे धनुष्य हिसकावून घेऊन त्यानेच तिचे कान शेकते. ‘इलियड’मधली माणसे मरतात, म्हणून ती गंभीर आहेत, देव मरत नाहीत, म्हणून त्यांना पोरकटपणा परवडतो. टीव्हीवाल्यांनी हा विनोद भक्तिभावाने कापला. देवांवर विश्वास उरला नाही की त्यांच्याशी फार अदबीने वागावे लागते, असे दिसते.

पॅरिस स्पार्टाला जातो तो पाहुणा म्हणून. राजा मेनेलॉस त्याचे नऊ दिवस आदरातिथ्य करतो आणि मग आजोबांच्या अंत्यविधीसाठी क्रीटला निघतो. जाताना पाहुण्यांना काही कमी पडू देऊ नको, असे बायकोला बजावतो. तिने ते जरा जास्तच मनावर घेतले. पॅरिस हेलनला घेऊन गेला आणि घरातले सोनेनाणेही घेऊन गेला. ही दुसरी चोरी टीव्हीवर सहसा मागे पडते, कारण प्रेमवीराच्या गलबतात सासुरवाडीची भांडी खडखडलेली बरी दिसत नाहीत. होमरला त्याचा संकोच नाही. सातव्या सर्गात, युद्धाच्या दहाव्या वर्षी, पॅरिस तडजोड मांडतो: नेलेला ऐवज परत देतो, वर पदरचा घालतो, बाई मात्र देणार नाही. हा प्रस्ताव घेऊन जाणारा ट्रॉयचा दूत शत्रूच्या भर सभेत मध्येच म्हणून टाकतो की हा मेला असता तर बरे झाले असते. कोणत्याही पटकथाकाराने जपून ठेवावे असे हे वाक्य आहे.

सर्वांत कठीण पात्रयोजना अर्थातच हेलनची. एक जहाज पाण्यात लोटण्याइतके सौंदर्य म्हणजे एक ‘मिलिहेलन’, असे एक विनोदी मापच इंग्रजीत रूढ आहे. होमरने दुसऱ्या सर्गात जहाजांची जी खानेसुमारी दिली आहे तिची बेरीज १,१८६ येते, म्हणजे हेलन हजाराच्या हिशेबापेक्षा थोडी वरच भरते. एवढी जहाजे आजवर कोणत्याही निर्मात्याला परवडलेली नाहीत. काही खरी बांधायची आणि बाकीची संगणकावर छापायची, हा रिवाज. चेहऱ्याच्या बाबतीत संगणक मदतीला येत नाही. होमरने तिचा चेहरा वर्णिलाच नाही. तटावर बसलेले ट्रॉयचे म्हातारे तिला येताना पाहून आपसात पुटपुटतात, की अशा बाईसाठी दोन्ही बाजूंनी इतकी वर्षे हाल सोसले यात नवल नाही, तरी पण तिने गलबतात बसून परत गेलेले बरे. वर्णन एवढेच. प्रत्येक श्रोत्याने आपापली हेलन आणावी. टीव्हीला मात्र एक खरी नटी उभी करावी लागते, आणि नटी कितीही देखणी असली तरी घरोघरी सोफ्यावर बसून ‘ठीक आहे’ म्हणणारे कोणीतरी असतेच. २०१८ मध्ये हे काम बेला डेन यांच्याकडे होते. मालिकेने त्यांना नुसते पळवून नेले नाही. विचार करणारी, निर्णय घेणारी आणि वेळ येताच स्वतःपुरते पाहणारी बाई केले, ही जमेची बाजू.

प्राचीन ग्रीकांनाही या बाईचे काय करावे हे उमगले नव्हते. इ.स.पू. ४१२ मधल्या युरिपिडीसच्या ‘हेलन’ नाटकात खरी हेलन सारे युद्ध इजिप्तमध्ये पातिव्रत्याने काढते. ट्रॉयमध्ये असतो तो देवांनी हवेतून घडवलेला तिचा पुतळा. अध्यात्म रामायणातली छायासीता ज्यांना ठाऊक आहे त्यांना ही सोय ओळखीची वाटेल. हेरोडोटसचे म्हणणेही असेच, की हेलन इजिप्तमध्येच होती; ती हाती असती तर पॅरिसचा बाप, ट्रॉयचा राजा प्रायम, याने ती परत दिली असती, कारण मुलाच्या संसारासाठी राज्य बुडवण्याइतका तो खुळा नव्हता. इतिहासकाराचा हा युक्तिवाद बिनतोड आहे आणि त्यामुळेच त्यावर मालिका निघणे कठीण आहे.

पुढचा प्रश्न वेळेचा. दूरदर्शनवर १९८८ ते १९९० या काळात चाललेल्या बी. आर. चोप्रा यांच्या ‘महाभारत’ला अठरा दिवसांच्या युद्धासह कथा संपवायला ९४ भाग लागले. इथे दहा वर्षांच्या युद्धाला आठ. शिवाय या दहा वर्षांतली बहुतेक वर्षे नुसती बसून काढलेली आहेत. वेढा म्हणजे एका बाजूने आत बसायचे आणि दुसऱ्या बाजूने बाहेर बसायचे. त्यातून आठ तासांचे नाट्य काढणे म्हणजे वाळूचे कण रगडण्यापैकीच. मालिकेने अन्नाची टंचाई, हेरगिरी आणि राजवाड्यातली कुजबुज यांवर भर देऊन हा काळ भरला. डेव्हिड थ्रेलफॉल यांचा प्रायम आणि फ्रान्सिस ओकॉनर यांची हेक्युबा हे सुनेमुळे घर बुडत असल्याचे दिसूनही तिला जा न म्हणणारे सासू-सासरे आहेत. मालिकेतली सर्वांत खरी माणसे हीच.

होमरने वेळेचा प्रश्न कात्रीने सोडवला. ‘इलियड’च्या साडेपंधरा हजारांहून अधिक ओळींत दहाव्या वर्षातले जेमतेम पन्नासेक दिवस आहेत आणि त्यातलेही लढाईचे मोजकेच. पण मधूनच घुसणाऱ्या श्रोत्याची काळजी त्यालाही घ्यावी लागली. तिसऱ्या सर्गात प्रायम तटावर सुनेला जवळ बसवून विचारतो, तो उंचापुरा कोण? तो ठेंगणा, रुंद खांद्यांचा कोण? हेलन एकेकाची ओळख करून देते: हा अ‍ॅगॅमेम्नॉन, हा ओडिसियस. वेढा पडून नऊ वर्षे झाली आहेत. एवढ्या काळात सासऱ्याला, दारात बसलेली ही माणसे कोण, असे विचारावेसे वाटले नव्हते. तसेच सातव्या सर्गात ग्रीकांना आपल्या छावणीभोवती भिंत बांधण्याची बुद्धी होते, तीही नऊ वर्षांनी. जहाजांची यादीसुद्धा खरे तर निघतानाची आहे. विद्वानांनी यावर पुष्कळ शाई खर्च केली आहे; ‘मागील भागात आपण पाहिले’ ऐकत वाढलेल्या माणसाला त्यात अवघड काही दिसणार नाही.

ग्रीकांचा प्रमुख वीर अकिलीस याचे काम डेव्हिड ग्यासी या कृष्णवर्णी ब्रिटिश नटाकडे गेले आणि मालिका पडद्यावर येण्याआधीपासूनच त्यावर गदारोळ झाला. होमरने अकिलीसच्या केसांना पिंगट-सोनेरी छटेचा शब्द वापरला आहे, हा आक्षेपकांचा मुख्य पुरावा. अकिलीसची आई समुद्रातली देवी आहे, त्याचा घोडा एकोणिसाव्या सर्गात माणसासारखा बोलतो, एकविसाव्या सर्गात तो चक्क एका नदीशी मारामारी करतो, आणि पडद्यावर ही सारी ग्रीक मंडळी ब्रिटिश धाटणीचे इंग्रजी बोलतात. यातले काहीच कोणाला खटकले नाही. खटकला तो वर्ण. केसांचाच आग्रह धरायचा तर २००३ साली यूएसए नेटवर्कने माल्टात चित्रित केलेली ‘हेलन ऑफ ट्रॉय’ ही दोन भागांची मालिका पाहावी. त्यातल्या अकिलीसला टक्कल आहे. ‘इलियड’च्या पहिल्या सर्गात अथीना मागून येऊन त्याचे केस धरते आणि राजा अ‍ॅगॅमेम्नॉनच्या अंगावर जाण्यापासून त्याला आवरते, तेविसाव्या सर्गात तो आपले केस कापून मित्राच्या हातात ठेवतो. टक्कल असते तर पहिल्याच सर्गात राजा मेला असता आणि काव्य तिथेच संपले असते. या टकल्या अकिलीसचे काम करणाऱ्या नटाचे नाव जो मोंटाना. अमेरिकन फुटबॉलमधल्या एका विख्यात खेळाडूचे नावही हेच. त्या रात्री अमेरिकेत किती लोक चुकून टीव्हीसमोर बसले असतील, याची गणती झालेली नाही.

पॅट्रोक्लस हा अकिलीसचा मित्र होता की प्रियकर, यावरही २०१८ मध्ये वाद झाला. मालिकेने दुसरा पक्ष घेतला. एस्किलसने तो अडीच हजार वर्षांपूर्वीच घेतला होता. प्लेटोच्या ‘सिम्पोझियम’मध्ये तर दोघांपैकी वयाने आणि नात्याने थोरला कोण, यावर एस्किलसला खोडून काढणारा एक गृहस्थ आहे. राहिली टाच. ती होमरकडे नाहीच. आईने बाळाला पायाला धरून स्टिक्स नदीत बुचकळल्याची गोष्ट पहिल्या शतकात स्टेशियस हा रोमन कवी सांगतो. तेव्हापासून वर्तमानपत्रांच्या अग्रलेखांत प्रत्येक सरकारला एक तरी अकिलीसची टाच असते. २००४ च्या चित्रपटात अकिलीस झालेल्या ब्रॅड पिट यांनी चित्रीकरणाच्या काळात घोट्यामागची तीच, अकिलीसच्या नावाची शीर दुखावून घेतली. भूमिकेत एवढे शिरणे हा अतिरेक होय.

आता घोडा. ‘इलियड’मध्ये तोही नाही, ट्रॉयचा वीर हेक्टर याच्या अंत्यसंस्काराशी ते काव्य संपते. घोड्याची हकिकत ‘ओडिसी’त तुकड्यातुकड्यांनी आणि पुढे व्हर्जिलच्या ‘इनीड’च्या दुसऱ्या सर्गात सविस्तर येते. ज्या जुन्या ग्रीक काव्यांत ती क्रमवार होती ती हरवली. त्यांचे सारांश तेवढे उरले. घोड्याच्या पोटात किती माणसे होती, यावर एकमत नाही. कोणी तेवीस म्हणतो, कोणी तीस, कोणी पन्नास. एका ठिकाणी तीन हजार असा आकडा आहे. तीन हजार माणसे मावणारा घोडा आत घ्यायचा तर ट्रॉयलाच घोड्यात न्यावे लागले असते.

या घोड्याचे बीबीसीशी जुने नाते आहे. १९६५ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये ‘डॉक्टर हू’ या काळप्रवासाच्या मालिकेत डोनाल्ड कॉटन यांनी लिहिलेली ‘द मिथ मेकर्स’ ही चार भागांची ट्रॉयकथा दाखवली गेली, आणि ती बहुतांशी विनोदी होती. तिचा नायक ग्रीकांच्या तावडीत सापडतो आणि शहर जिंकण्याची युक्ती सुचव नाहीतर मर, असे त्याला सांगितले जाते. लाकडी घोडा ही होमरची थाप आहे असे त्याचे स्वतःचे मत असते, म्हणून तो आधी माणसांना उडवून तटापलीकडे टाकणारे यंत्र सुचवतो. पहिले उड्डाण तूच कर, असे ओडिसियस म्हणताच त्याला घोडा आठवतो. पुढे ध्वनिचित्रफिती पुसून पुन्हा वापरण्याच्या काटकसरीत या चारही भागांची चित्रे नष्ट झाली. आवाज तेवढा शिल्लक आहे. अडीच हजार वर्षांपूर्वीच्या काव्यांचे जे झाले ते बीबीसीने काही वर्षांत करून दाखवले.

घोडा आत घेण्याचा प्रसंग प्रत्येक पटकथेत अडतो, कारण घरोघरी सोफ्यावर बसलेली प्रत्येक व्यक्ती त्या वेळी ट्रॉयची भविष्य सांगणारी कसांड्रा असते. तिला पुढचे सगळे दिसत असते आणि तिचे कोणी ऐकत नाही. शहाणीसुरती माणसे हे धूड आत का घेतात, याला व्हर्जिलकडे उत्तर आहे: मागे मुद्दाम ठेवलेला एक खोटारडा आणि समुद्रातून आलेले दोन साप. २०१८ च्या मालिकेने साप न आणता घोड्याच्या पोटात धान्य भरले. उपाशी शहर, दारात धान्य; मग कोण नको म्हणतो? ‘घरचं झालं थोडं, व्याह्यानं धाडलं घोडं’ या म्हणीतला घोडा खायला येतो. हा खाऊ घालायला आला, आणि म्हणूनच जास्त महाग पडला. टीकाकारांनी एरवी मालिकेवर पुष्कळ तोंडसुख घेतले, प्रेक्षकही आठवड्यागणिक गळत गेले. पण हे धान्य होमरलाही पटले असते. आज चनाक्कलेच्या बंदरावर चित्रपटातला घोडा उभा आहे आणि जवळच हिसार्लिकच्या उत्खननस्थळी पर्यटकांसाठी केलेला दुसरा. त्याच्या पोटात शिरून खिडकीतून फोटो काढता येतो. तुर्कस्तानने २०१८ हे वर्ष ‘ट्रॉय वर्ष’ म्हणून साजरे केले आणि त्याच वर्षी तिथे संग्रहालयही उघडले. मालिका चालो न चालो, घोडा चालतो.

शहर जळाले की टीव्हीचे काम संपते. पीटरसन यांच्या चित्रपटाने तर मेनेलॉस आणि अ‍ॅगॅमेम्नॉन दोघांनाही ट्रॉयमध्येच मारून पुढच्या ग्रीक नाटकांची वाट बंद केली. त्यामुळे या कथेतला सर्वांत मजेदार प्रसंग बहुधा राहूनच जातो. तो ‘ओडिसी’च्या चौथ्या सर्गात आहे. दहा वर्षे लोटली आहेत. मेनेलॉस आणि हेलन स्पार्टाला सुखाने नांदत आहेत. पाहुण्यांसमोर युद्धाच्या आठवणी निघतात, तेव्हा हेलन सगळ्यांच्या मद्यात हळूच दुःख विसरायला लावणारे औषध मिसळते आणि मग सांगते की ओडिसियस वेष पालटून शहरात आला तेव्हा तिने त्याला कशी मदत केली, मनाने ती केव्हाच ग्रीकांची झाली होती. मेनेलॉस म्हणतो, छान सांगितलेस, आणि लगेच आपली आठवण सांगतो: आम्ही घोड्याच्या पोटात दबा धरून बसलो होतो, तेव्हा तू बाहेरून घोड्याला तीन प्रदक्षिणा घातल्यास आणि आमच्या एकेकाच्या बायकोचा आवाज काढून हाका मारल्यास. यावर हेलन काय म्हणाली हे होमर सांगत नाही. औषध चांगले असावे.

त्या दिवशी त्यांच्या घरात लग्न आहे, एक नव्हे दोन: मुलगी हरमायनी अकिलीसच्या मुलाकडे निघाली आहे आणि मुलाला बायको येते आहे. मांडवात जेवणे चालू असताना दोन अनोळखी तरुण दाराशी येऊन रथातून उतरतात. सेवक एटिओनियस आत येऊन मेनेलॉसला विचारतो, पाहुणे आले आहेत, दिसायला राजबिंडे आहेत. यांचे घोडे सोडायचे, की यांना दुसरीकडे पाठवायचे?

मेनेलॉस त्याच्यावर संतापतो. असे विचारतोस तरी कसे, म्हणतो. घोडे सोड आणि त्यांना आत जेवायला आण.